दृश्य सतरा: पत्नी हसते

माझ्या आईवडिलांचं लग्न कुणी जमवलं असं विचारलं की मी खरं तेच सांगते: एका रशियन माणसाने. आणि तेही कसं, तर लग्नाच्या आधीच त्यांचा सुखी संसार पडद्यावर दाखवून. लोकांना वाटतं, बाई नेहमीसारखी रंगवून सांगतेय. रंगवून मी सांगतेच, त्यात वाद नाही. पण या गोष्टीला माझ्या रंगाची गरज नाही. ती मुळातच त्या माणसाने रंगवून ठेवलेली आहे.

ते माहितीपट काढायचे. दिग्दर्शनही त्यांचं आणि पटकथाही त्यांचीच. आता तुम्ही म्हणाल, माहितीपटाला पटकथा कशाला? जे आहे ते दाखवायचं, त्यात लिहायचं काय? मीही हेच विचारलं होतं. आमच्या शेजारच्या जशुबेन, डाळीत गूळ न घालणाऱ्या माणसाकडे ज्या दयेने पाहतात, त्या दयेने त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

"आधी लिहायचं," ते म्हणाले, "मग मंजुरी घ्यायची. मग वास्तवाला बोलवायचं. पटकथेत लिहिलंय, पाऊस पडतो, शेतकरी हसतो. पाऊस आला नाही तर आगीचा बंब बोलवायचा."

"आणि शेतकरी हसला नाही तर?"

"दुसरा शेतकरी."

त्यांचं नाव घ्यायला गेलं की जिभेला गाठ बसायची. बाबा त्यांना 'ए रशिया' म्हणायचे, आई 'भाऊजी', आणि मी रशियाकाका. त्यांचं मराठी हा तर स्वतंत्र कार्यक्रम होता. बडोद्याजवळ बाजव्याला रिफायनरीचं नवं युनिट उभं राहत होतं तेव्हा ते तरुणपणी त्याच्यावर फिल्म काढायला आले, आणि बाबांच्या फिटर टोळीत राहून मराठी शिकले. पाइप जोडणाऱ्या माणसांत राहून जी भाषा येते तीच आली: पकड, सोड, ढकल, फिरव, आवळ, हळू, बस. आज्ञार्थाच्या पलीकडचं मराठी त्यांना कधी लागलंच नाही, आणि दिग्दर्शकाला त्याहून जास्त लागतं तरी कशाला? लांबलचक काही सांगायचं असलं की हिंदी-इंग्रजीवर जायचे. ते मी इथे सरळ मराठीत देतेय. पण प्रेम, आदर, आभार, सगळं आज्ञार्थात. जेवण आवडलं की आईला म्हणायचे, "वाढ!" निघताना म्हणायचे, "बरी राहा!" माझे आजोबा, म्हणजे आईचे वडील, पहिल्यांदा समोर आले तेव्हा रशियाकाकांनी त्यांना कमरेत वाकून नमस्कार केला आणि प्रेमाने म्हणाले, "बस!" आजोबांना आयुष्यात खुद्द संस्थानच्या महाराजांशिवाय कुणी एकेरीत बसायला सांगितलं नव्हतं. ते बसले.

आजोबांचं सांगायलाच हवं, कारण सगळा घोळ त्यांच्यामुळे झाला. संस्थानच्या कचेरीत त्यांची उमेदीची वर्षं गेलेली. संस्थान विलीन होऊन एक पिढी उलटली, पण दांडिया बाजारातल्या त्यांच्या दोन खोल्यांत कचेरी चालूच होती. दूधवाल्याने दूध घालून चालत नसे, 'घातलं' असं तोंडी निवेदन करावं लागे. त्यांची श्रद्धा एकच: ज्याच्यावर सरकारी शिक्का आहे ते खरं. बाकी सगळं ऐकीव. आई म्हणते, त्यांना सूर्य उगवलेला दिसला तरी ते पंचांग बघून खात्री करायचे.

आई रिफायनरीच्या ऑफिसात टायपिस्ट होती. बाबा फिटर, भुसावळचे, रेल्वेतल्या खलाशाचा मुलगा, क्वार्टरमध्ये तीन बॅचलरांबरोबर राहणारे. या दोघांची ओळख होण्याचं काही कारण नव्हतं आणि लग्न होण्याचं तर मुळीच नव्हतं. आजोबांच्या कचेरीत फिटर या पदाची नोंदच नव्हती.

रशियाकाकांनी पटकथा लिहिली आणि टाइप करायला आईकडे दिली. त्यात दृश्य सतरा असं होतं: कामगार संध्याकाळी घरी येतो. पत्नी दारात. दोघे नव्या गॅसच्या शेगडीवर चहा करतात. पत्नी हसते. म्हणजे स्वतःचं स्थळ आईने स्वतःच्या हाताने टाइप केलं, तेही चार कार्बन प्रतींत.

आता या दृश्यासाठी खरं जोडपं हवं होतं. कॉलनीतल्या बायकांनी सपशेल नकार दिला. काहींना नवऱ्याबरोबर पडद्यावर जायची लाज वाटत होती आणि काहींना नवऱ्याचीच. मग रशियाकाकांनी वेळ वाया घालवला नाही. टोळीतल्या बाबांच्या दंडाला धरलं, "चल!" ऑफिसात आईच्या टेबलासमोर उभं राहून म्हणाले, "ऊठ!" आणि दोघांना एका रिकाम्या क्वार्टरमध्ये नेऊन उभं केलं. तिथे नवी शेगडी, नवा सिलिंडर, गेस्ट हाउसमधून आणलेले पडदे. खिशातून खडू काढला आणि फरशीवर दोन फुल्या मारल्या. एक नवऱ्याची, एक बायकोची.

"उभी राहा! उभा राहा! शेगडी पेटव! हस!"

कॅमेरा सुरू झाला. बाबा शेगडीशी वाकले, आणि थांबले. वास घेतला. फिटर माणूस, वास आला की पुढचं काही दिसत नाही. खडूची फुली सोडून मोरीकडे गेले, साबणाची वडी आणली, तळहातावर फेस केला आणि नळीच्या जोडावर लावला. फेसातून टप्पोरे बुडबुडे यायला लागले. बाबांनी वर पाहून अगदी गंभीरपणे आईला सांगितलं, "बाई, आपला संसार गळतोय."

आई हसली. हसली म्हणजे काय, ओट्याला धरून हसली, पदर तोंडात कोंबून हसली, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली.

आणि रशियाकाका ओरडले, "कट! हे पटकथेत नाही! परत!"

मग नळी बदलली आणि संध्याकाळपर्यंत परत, परत, परत झालं. प्रत्येक वेळी खरा चहा, प्रत्येक वेळी दोघांनी पिऊन संपवायचा. शेवटी पटकथेत बसेल असं हसू मिळालं: थोडे दात दिसतील एवढं, आवाज नसलेलं, देशाच्या उत्पादनवाढीला शोभणारं. तोवर बाबांना किती साखर लागते हे आईला पाठ झालं होतं, आणि आईला आल्याचा चहा अजिबात आवडत नाही हे बाबांना. आमच्यात अशी माहिती साधारण लग्नानंतर चार-सहा वर्षांनी मिळते.

फिल्म तयार झाली आणि कॉलनीच्या मैदानावर पांढरं कापड बांधून दाखवली. कर्मचाऱ्यांच्या घरच्यांना आमंत्रण. आजोबा कोट घालून पहिल्या रांगेत. सुरुवातीला पडदाभर दोन शिक्के आले, एक त्या देशाचा, एक आपला. आजोबा उठून उभे राहिले आणि शिक्के जाईपर्यंत उभेच होते. मग टाक्या, मग चिमण्या, मग घाम पुसणारे कामगार, आणि मग अचानक त्यांची मुलगी, दारात, नवऱ्याची वाट बघत. भारदस्त आवाजात निवेदन: हे आहेत श्री आणि श्रीमती कामगार. सुखी, समाधानी, उद्याकडे पाहणारे.

टाळ्या पडल्या. आजोबा उद्याकडे पाहत नव्हते, ते मुलीकडे पाहत होते.

दुसऱ्या दिवशीपासून कॉलनीतल्या बायका आईला अडवायला लागल्या. "काय ग, लग्न कधी केलंस? पेढे पण नाहीत?" आई सांगून दमली, अहो ते नाटक होतं. "नाटक कसं?" बायका म्हणायच्या. "नाटकात खोटं असतं. ही तर डॉक्युमेंटरी." कुणी हळदीकुंकवाला बोलवलं. कँटीनवाल्याने बाबांना न विचारता दोन डबे द्यायला सुरुवात केली.

आजोबांनी तीन दिवस विचार केला. मग बाबांना बोलावून घेतलं. बाबा मार खायच्या तयारीने गेले होते. आजोबा म्हणाले, "हे पाहा, मला हे पसंत नाही. पण दोन सार्वभौम सरकारांनी एखादी गोष्ट शिक्क्यानिशी प्रमाणित केल्यावर ती नाकारणारा मी कोण? आता तुम्ही नोंदीप्रमाणे वागा, म्हणजे झालं."

वागले. लग्नाला रशियाकाका नव्हते. ते परत गेले होते, कुठल्याशा बर्फात गाईंना आनंदी करायला.

ही गाईंची फिल्म म्हणजे त्यांच्या कारकिर्दीचं शिखर. पटकथेत लिहिलं होतं, गाई नव्या गोठ्याकडे अभिमानाने पाहतात. गाई पाहत नव्हत्या. शेवटी गोठ्याच्या दिशेला मिठाचे खडे टांगले तेव्हा पाहिल्या. या फिल्मला बक्षीस मिळालं. पण मंजुरी समितीत एका वाक्यावर अडलं होतं. त्यांच्याकडे एक निवेदन होतं जे ते प्रत्येक फिल्मला वापरायचे: हा माणूस मातीतून उठला, याच्या हातांनी उद्याचा दिवस घडतो. ट्रॅक्टर चालवणाऱ्याला ते बसलं, धरण बांधणाऱ्याला बसलं. गाईसाठी 'माणूस' काढून 'गाय' घातलं, तर समितीतला एकजण म्हणाला, कॉम्रेड, गाईला हात नसतात. मग हातांऐवजी दूध घातलं.

पुढे एक दिवस त्यांचा देशच राहिला नाही. ते एका नव्या वसाहतीवर फिल्म काढत होते; सुरुवातीची पाटी रंगवली तेव्हा देश होता, शेवटची रंगवायला घेतली तेव्हा नव्हता. दुसरा एखादा माणूस कोसळला असता. रशियाकाकांनी पाटीवाल्याला सांगितलं, थांब, वाळू देऊ नकोस. मग नव्या काळात नवी गिऱ्हाइकं आली. सिमेंटच्या एका मोठ्या व्यापाऱ्यावर फिल्म काढली: हा माणूस मातीतून उठला, याच्या हातांनी उद्याचा दिवस घडतो. एका बँकवाल्यावर काढली. एका मठातल्या घंटेवरही काढली, आणि ती घंटासुद्धा मातीतून उठली. "एकदा चांगलं लिहिलं," हे सगळं पुढे ऐकवताना ते मला म्हणाले, "की देश बदलला तरी चालतं."

परवाच्या हिवाळ्यात आईच्या मोबाइलवर रोमन लिपीत मराठी मेसेज आला: मी येतो. जागा कर. आले. गोत्रीतल्या आमच्या घराच्या वरच्या खोलीत राहिले. पांढरे केस, जाड चष्मा, खिशात तोच खडू. आल्या आल्या आईला म्हणाले, "हस!"

"अहो भाऊजी, आधी बूट तर काढा," आई म्हणाली.

त्यांनी जेवताना जाहीर केलं की त्यांना शेवटची फिल्म काढायची आहे. पटकथा नाही. मंजुरी नाही. "एवढं आयुष्य फिल्म काढल्या," ते म्हणाले, "त्यात एकही शॉट खरा नाही. एक आला होता. या बाईचं हसू. माझ्या हातात आलं होतं आणि मी 'कट' म्हणालो." भाताचा घास हातात तसाच. "तेच न्यायला आलोय."

बाबांनी कानातलं मशीन नीट बसवलं. "काय न्यायला आलाय हा?"

"माझं हसू," आई म्हणाली.

"दे की मग," बाबा म्हणाले आणि लोणचं घेतलं.

वाटलं होतं सोपं. पण आधी सराव म्हणून रशियाकाकांनी शहराचे खरे शॉट घ्यायचं ठरवलं. मांडवीपासून पाणीगेटकडे जाणारा बाजार, भर गर्दीचा, कुणालाही न सांगता. मी बरोबर गेले. पहाटे दुकानं बंद असताना ते रस्त्याने खडू घेऊन वाकत वाकत गेले आणि कॅमेरा कुठे कुठे ठेवायचा त्या जागी दुकानांच्या पायऱ्यांवर फुल्या मारून आले. उद्या सकाळी शूटिंग.

दुसऱ्या दिवशी गेलो तर बाजार ओळखू येईना. ओटे गायब, छपरं गायब, रस्त्यावर मांडलेली पातेली, परकर, प्लॅस्टिकच्या बादल्या, सगळं आत. इतका रुंद रस्ता तिथे आहे हे मला जन्मापासून बडोद्यात राहून माहीत नव्हतं. मी एका भांडीवाल्या ओळखीच्या काकांना विचारलं, शुं थयुं, काय झालं?

"अरे बेन, म्युनिसिपालिटीवाळा निशाण मारी गया छे!" ते कुजबुजले. "रस्ता पहोळो करे छे, रुंद करणार. आख्खी लाइनमां चोकडी, फुली! माझ्या तर दोन चोकड्या!"

"काका, ती कॅमेऱ्याची खूण आहे."

"हां हां, बधा एम ज कहे छे, सगळे असंच सांगतात," ते म्हणाले. खुणेला हात लावायची कुणाची हिंमत नव्हती. पावसाळ्यासाठी बांधलेलं कापड सोडताना एकाने ती फुली चुकून पुसली, तर त्याने घाबरून घरातला खडू आणून परत काढली. दुपारपर्यंत वॉर्डातला एक पुढारी हार घालून हजर झाला आणि रस्ता आपल्याच पाठपुराव्याने मोकळा झाल्याचं भाषण करून गेला. रशियाकाका मोकळ्या रस्त्याच्या मधोमध कॅमेरा धरून उभे. गर्दी टिपायला आलेला माणूस. मला म्हणाले, "आमच्याकडे यासाठी मंत्रालयाची परवानगी लागायची. तुमच्याकडे खडू पुरतो."

घरी तर याहून वाईट. आईला खरंखुरं टिपायचं म्हणून कॅमेरा स्वयंपाकघरात ठेवला, तर आई ठेवणीतली साडी नेसून कणीक मळायला बसली. आमच्याकडे रोज खिचडी-कढी. कॅमेऱ्यासमोर रोज पुरणपोळी. बाबा डोक्यावर जुनं हेल्मेट घालून पेपर वाचायला लागले. जशुबेन वाटीभर साखर मागायला म्हणून लिपस्टिक लावून आल्या, आणि साखर मिळाल्यावर पुन्हा दारापाशी जाऊन म्हणाल्या, "काका, फरीथी आवुं? या वेळी पल्लू नीट घेते." मराठी मंडळाचे अध्यक्ष 'सहज इकडून चाललो होतो' म्हणत आले. हातात शाल, श्रीफळ आणि फोटोग्राफर.

आणि रशियाकाका! पटकथा नाही म्हणणारा हा माणूस सकाळी दहा वाजता आईसमोर उभा राहून ओरडायचा, "सहज बस! सहज बोल! मोकळी वाग! आता वाग!"

आई हसायची. पण कसं, तर दृश्य सतरामधलं. थोडे दात, आवाज नाही. तिने नवी कवळी बसवली होती, ती निसटेल म्हणून ओठ जपून उघडायची. रशियाकाका ते बघायचे आणि कॅमेरा बंद न करता मान खाली घालायचे.

कॅमेरा ते कधीच बंद करायचे नाहीत. त्यांच्या तरुणपणी फिल्म मोजून मिळायची. वाया गेली तर जाब द्यावा लागायचा. आता या कॅमेऱ्यात फिल्मच नाही म्हटल्यावर ते दिवाळी आल्यासारखे वागायचे. पंखा टिपायचे, मांजर टिपायचे, आपण जेवायला बसलो तरी कोपऱ्यात लाल दिवा चालूच.

त्यांना दिसत नाही हे सगळ्यांत आधी आईच्या लक्षात आलं. बाजूला ठेवलेला चहा ते चाचपडत शोधायचे. फरशीवर स्वतःच काढलेली फुली सापडायची नाही म्हणून माझ्यावर ओरडायचे, "शोध!" मी एका दुपारी गच्चीवर विचारलं. ते म्हणाले, काचबिंदू आहे. "काळोख कडेने आत येतोय. फ्रेम रोज थोडी लहान होते. डॉक्टर म्हणाला, परत आलास की ऑपरेशन, पण गेलेलं परत येणार नाही, आणि उरलेलं राहील याची खात्री नाही." मग कठड्यावर बोटाने एक छोटा चौकोन काढून दाखवला. "एवढ्यात तिचं तोंड अजून मावतं. म्हणून आलो. पुढच्या वर्षी मावणार नाही."

मी खाली येऊन आईला सांगितलं. आई म्हणाली, "मला काय हसायचं नाही का ग? पण ते 'हस' म्हणाले की माझ्यासमोर टायपिंगची परीक्षा उभी राहते."

मी विनोद सांगितले. मी, जिला अर्धं बडोदं लग्नात माइक देतं! आईने प्रत्येक विनोदाला मान हलवली. बाबा म्हणाले, हिला गुदगुल्या करा. आई बाबांवर इतकी चिडली की दोन दिवस शूटिंगच नाही.

आणि जायचा दिवस आला. रात्रीचं विमान. रशियाकाकांनी दुपारीच हार मानली. बॅग भरली, खडू आईच्या देवघरापाशी ठेवून दिला, आणि स्वयंपाकघरात स्टुलावर बसले. कॅमेरा तिपाईवर नुसता उभा, बॅटरी संपेपर्यंत चालू, सवयीने. आई घरातल्या साध्या साडीत, चहा टाकत होती. कवळी धुऊन वाटीत काढून ठेवलेली. मी दारात. कुणी कुणाकडे बघत नव्हतं.

बाबांचा एक नेम आहे. संध्याकाळचा चहा टाकायच्या आधी ते जुन्या दाढीच्या ब्रशने साबणाचा फेस काढतात आणि गॅसच्या जोडाला लावून बघतात. आता सिलिंडर नाही, घरोघर पाइपने गॅस येतो, कंपनीचा माणूस तपासून जातो; पण बाबांचा कंपनीवर विश्वास नाही. जशुबेनच्या घरचेही जोड तेच बघून येतात. त्या दिवशी ते वाकले, ब्रश फिरवला, आणि डोळे बारीक करून फेसाकडे बघत राहिले. बराच वेळ.

आईने पातेलं हातात धरून विचारलं, "काय हो? गळतोय का संसार?"

बाबांनी आणखी जवळ जाऊन पाहिलं. मग गुडघ्यावर हात ठेवून उठले, आणि कामाचा रिपोर्ट द्यावा तसं म्हणाले, "नाही. अजून टाइट आहे."

आई हसली. ओट्याला धरून. बोळकं उघडं टाकून, मग पदर तोंडात कोंबून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

आणि स्टुलावरून आवाज आला, "कट! परत!"

बाबांच्या हातात ब्रश तसाच. रशियाकाकांनी स्वतःचाच हात तोंडावर दाबला होता. चेहरा मैद्यासारखा पांढरा. आयुष्यभराची सवय, जिभेवरून निसटली होती. दुसऱ्यांदा. त्याच हसण्यावर.

"काका," मी म्हणाले, "हे काय केलंत?"

आईने डोळे पुसले. "भाऊजी," ती म्हणाली, "पहिल्यांदा 'परत' म्हणालात ना, तेव्हापासून आम्ही परतच करतोय! तोच चहा, तोच साबण, हेच माझ्या समोर! अजून किती परत?" आणि तिला पुन्हा जे फुटलं ते थांबेना. बाबा आधी गोंधळले, मग ब्रशसकट हसायला लागले, फेस शर्टावर. रशियाकाकांच्या तोंडावरचा हात खाली आला. ते रडत होते की हसत होते ते त्यांनाच विचारा. कोपऱ्यात लाल दिवा चालू होता. त्या कॅमेऱ्याला ना मराठी कळत होतं ना रशियन. 'कट' म्हटल्यावर थांबायचं हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

फिल्म त्यांनी तिकडे जाऊन पूर्ण केली. ऑपरेशन झालं, पण नजर फारशी राहिली नाही. या वर्षी मंडळाच्या हॉलमध्ये आम्ही ती दाखवली. आधी जुन्या फिल्ममधलं दृश्य सतरा, तरुण आई, गेस्ट हाउसचे पडदे, उत्पादनवाढीचं हसू. मग आमचं स्वयंपाकघर, त्यांचा 'कट!', आणि आईचं हसणं, पहिल्यापासून शेवटपर्यंत, न कापलेलं. ना निवेदन, ना शिक्का. कुणीही मातीतून उठत नाही.

चहापानाच्या वेळी अध्यक्ष माझ्याजवळ आले. "सुंदर! विशेषतः जुना भाग. काय ते नैसर्गिक हसू! आता तसं कुठे राहिलंय?" मग आवाज खाली आणून म्हणाले, "रागावू नका, पण शेवटी आईंनी जरा ओव्हरॲक्टिंग केली. आणि दिग्दर्शकाने रडण्याचं सोंग कशाला घ्यायचं?" आजूबाजूच्या चार जणांनी माना डोलावल्या.

घरी येऊन आईने फोन लावला. रशियाकाकांनी उचलला. मागे तेच हसणं ऐकू येत होतं. दिसत नसलं तरी ते फिल्म लावून बसतात.

"भाऊजी," आई म्हणाली, "लोक म्हणतात, माझं खोटं वाटतं."

फोनमधलं हसणं बंद झालं. मग तो आवाज, थकलेला पण दिग्दर्शकाचाच.

"मग? परत?"

आईने बाबांकडे पाहिलं. बाबा ब्रश घेऊन ओट्यापाशी वाकलेलेच होते.

"या," ती म्हणाली. "चहा टाकते."